आमदारांचा पीए, सनद वकिलीची, आता उमेदवारी: वळसे पाटलांचा रस्ता आज कुणाला जमेल का?

टेलचा_माणूस

नमस्कार मंडळी. बरेच महिने नुसतं वाचतोय, आज पहिल्यांदा लिहितोय. लांबेल थोडं, सांभाळून घ्या.

मी नगर जिल्ह्याच्या दक्षिण भागातला, वय ३२. पुण्यात एलएलबी केलं, सनद घेतली, तालुक्याच्या कोर्टात दीड वर्ष एका सीनियर वकिलांकडे जुनियर होतो. तारखा घेणं, नकला काढणं, वकीलपत्र लावणं एवढंच चालायचं. मग आमच्या आमदारांकडे पीए म्हणून लागलो त्याला आता सहा वर्षं झाली. साहेबांचं नाव किंवा पक्ष इथे देत नाही, ते योग्य होणार नाही.

काम काय तर सकाळी साडेसातला ऑफिस उघडायचं, तोवर बाहेर दहा-बारा माणसं बसलेली असतातच. कुणाची डीपी जळालीय, कुणाचा फेरफार तलाठ्याकडे अडकलाय, कुणाच्या आईचं निराधारचं अनुदान बंद पडलंय, कुणाला पुण्याच्या दवाखान्यात बेड पाहिजे आणि मुख्यमंत्री सहायता निधीचा फॉर्म भरून पाहिजे. पत्रं मी लिहितो, फोन मी लावतो, अधिवेशनात तारांकित प्रश्न आणि लक्षवेधीचा मसुदा मीच करतो, आमदार निधीच्या कामांची यादी आणि एस्टिमेटचा पाठपुरावा माझ्याकडे. तालुक्यातल्या कुठल्या वस्तीवर कुठला पाणंद रस्ता कुणाच्या बांधावरून अडलाय हे मला झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता येईल.

आता विषय असा की आमच्या झेडपी गटाचं आरक्षण खुलं पडलंय आणि साहेबांनी परवा गाडीत अचानक विचारलं, "तू का उभा राहत नाहीस?" मी गप्पच बसलो. घरी सांगितलं तर वडील म्हणाले आपल्या घरात कुणी सरपंच पण नाही झालं, आणि बायको म्हणाली आत्ता निदान रात्री दहाला तरी घरी येतोस.

साहेब स्वतः नेहमी दिलीप वळसे पाटलांचं उदाहरण देतात. कायद्याचं शिक्षण, शरद पवारांचे पीए, मग थेट आमदार, मंत्री, विधानसभेचे अध्यक्ष. ऐकायला भारी वाटतं. पण आमचा भाग कुकडी कालव्याच्या टेलला, म्हणजे पार शेवटच्या टोकाला, तिथे त्यांचं नाव डिंभे धरणाच्या पाण्यावरून निघतं आणि फार बरं निघत नाही, त्यामुळे मला त्यांच्याबद्दल जे माहितीय ते एका बाजूनेच. म्हणून इथल्या जाणकारांना विचारतो की त्यांची वाटचाल नेमकी कशी झाली, पीए असण्याचा त्यांना किती फायदा झाला आणि तोटा पण झाला का. आणि आज माझ्यासारख्याने त्यावरून काय घ्यावं.

एक गोष्ट मनात रुतून बसलीय ती पण सांगतो. मागच्या आठवड्यात एका वस्तीवर गेलो होतो. तिथल्या एका आजींचं निराधारचं काम मी स्वतः चार वेळा तहसीलला जाऊन केलंय. आजींनी सुनेला हाक मारली, "अगं चहा टाक, आमदाराच्या हापिसातला पोरगा आलाय." सहा वर्षं झाली आणि आजींना माझं नाव माहीत नाही. त्यांचा काहीच दोष नाही, मीच कधी सांगितलं नाही. फोन लावला की पहिलं वाक्य "साहेबांच्या ऑफिसमधून बोलतोय" हेच असतं. लोकांच्या फोनमध्ये पण मी "आमदार ऑफिस" या नावानेच सेव्ह आहे.

---

मंचरकर_काका

टेलचा माणूस, तुझी पोस्ट दोनदा वाचली. मी आंबेगाव तालुक्यातला, मतदान इथेच, वळसे पाटलांच्या सगळ्या निवडणुका डोळ्यांनी पाहिल्यात. कधी त्यांच्या बाजूने होतो, कधी नव्हतो, त्यामुळे जे वाटतं ते सरळ लिहितो.

पहिली गोष्ट लक्षात घे, ते शून्यातून नव्हते आले. गाव निरगुडसर, वडील दत्तात्रय वळसे पाटील आधी आमदार होते. म्हणजे घरात राजकारण होतं, तालुक्यात आडनाव माहीत होतं. आमच्याकडचा भीमाशंकर साखर कारखाना जिथे उभाय त्या जागेला दत्तात्रयनगर म्हणतात ते त्यांच्याच नावावरून. तुझ्या वडिलांचं म्हणणं म्हणून हलकं घेऊ नकोस, हा फरक मोठाय.

दुसरी गोष्ट, पवारांकडचं काम. एलएलएम झालेला माणूस, बोलायला मितभाषी, कागदाला पक्का. पवारांकडे राहून मंत्रालय आतून कसं चालतं हे त्यांनी जवळून बघितलं. फाईल कुठल्या टेबलावर किती दिवस बसते, कुठल्या सचिवाला काय आणि कधी विचारायचं, कुठली मागणी नियमात बसते आणि कुठली बसवता येते, हे सगळं तिथे शिकायला मिळतं. १९९० ला आंबेगावातून काँग्रेसकडून उभे राहिले आणि निवडून आले ते २०२४ पर्यंत सलग आठ वेळा. १९९९ ला पवारांबरोबर राष्ट्रवादीत गेले, तरी तालुका त्यांच्याबरोबरच राहिला.

पीए असण्याचा फायदा त्यांच्या मंत्रिपदांत दिसतो. उच्च व तंत्रशिक्षण खातं त्यांच्याकडे असताना २००१ ला एमकेसीएल ही कॉम्प्युटर शिक्षणाची कंपनी उभी राहिली, त्यातून गावोगावच्या पोरापोरींनी एमएससीआयटीचा कॉम्प्युटर कोर्स केला, माझ्या पुतणीने मंचरला केला आणि त्याच सर्टिफिकेटवर तिला पहिली नोकरी लागली. मग ऊर्जा खातं. २००५ ला वीज मंडळाचे तुकडे होऊन महावितरण, महापारेषण, महानिर्मिती झाल्या तेव्हा मंत्री हेच. लोडशेडिंगचा तो काळ, रात्री अडीचला मोटर चालू करायला विहिरीवर जायचो आम्ही, त्यामुळे त्या खात्याबद्दल लोकांच्या मनात राग होता आणि तो खरा होता, पण कामगार संघटना, कर्ज, नवा कायदा असलं किचकट प्रकरण शांत डोक्याने हाताळायला असाच माणूस लागतो हे मी आजही म्हणेन. पुढे थोडे दिवस अर्थखातं, २००९ चा अर्थसंकल्प त्यांनीच मांडला. मग २००९ ते २०१४ विधानसभेचे अध्यक्ष. २०१३ ला विधानभवनातच एका पोलीस अधिकाऱ्याला मारहाण झाली आणि पाच आमदार निलंबित झाले तेव्हा खुर्चीवर हेच होते. त्या खुर्चीला नियम तोंडपाठ असलेला आणि आवाज न चढवणारा माणूस पाहिजे, ते काम त्यांना शोभलं. मला विचारशील तर त्यांच्या सगळ्या कारकिर्दीतला हा सगळ्यात चांगला काळ.

आता तोटा. एप्रिल २०२१ ला अनिल देशमुखांनी राजीनामा दिला आणि गृहखातं यांच्याकडे आलं. वर्षभराने, ८ एप्रिल २०२२ ला, एसटी कर्मचाऱ्यांचा जमाव थेट पवारांच्या सिल्व्हर ओकवर गेला, चपला आणि दगड फेकले. ज्या घराच्या सावलीत माणूस घडला त्याच घरावर जमाव गेला आणि गृहमंत्री आपण स्वतः. टीव्हीवर त्या दिवशी त्यांचा चेहरा बघून मला वाईट वाटलं. पण हे पण खरं की गृहखात्याला नुसता कागद पुरत नाही, रस्त्यावर काय शिजतंय त्याचा वास आधी लागावा लागतो, आणि जन्मभर बंद खोलीत नीट काम केलेल्या माणसाला तो वास उशिरा लागतो असं माझं मत झालंय.

मग २ जुलै २०२३. अजित पवारांबरोबर शपथ घेतली, सहकार खातं मिळालं. इकडे तालुक्यात सन्नाटा. बाकी कुणी गेलं तर समजू शकतो पण हे शरद पवारांचे पीए, मानसपुत्र म्हणायचे लोक. सभांमधून त्यांनी कारण सांगितलं डिंभ्याचं. धरणाच्या तळाशी बोगदा पाडून पाणी तिकडे तुमच्या नगरकडे नेलं तर आंबेगाव-शिरूरचा शेतकरी उघडा पडेल, ते अडवायला सत्तेत असणं गरजेचं होतं, असं. काहींना पटलं, काहींना नाही. मला अर्धं पटलं.

आणि तुझ्या प्रश्नासाठी सगळ्यात महत्त्वाचं ते २०२४. २०१९ ला हे ६६ हजारांच्या वर मतांनी आले होते. २०२४ ला किती? १५२३. समोर कोण, तर देवदत्त निकम. भीमाशंकर कारखान्याचे माजी चेअरमन, २०१४ ला शिरूर लोकसभेला राष्ट्रवादीचे उमेदवार, वर्षानुवर्षं वळसे पाटलांच्याच शेजारी बसलेला माणूस. शरद पवारांनी स्वतः आंबेगावात सभा घेऊन यांना पाडा म्हणून सांगितलं. त्यात देवदत्त निकम नावाचाच आणखी एक अपक्ष, चिन्ह ट्रम्पेट, त्याला २९६५ मतं पडली. मोजणीच्या दिवशी आमच्या चौकात कुणी जेवायला घरी गेलं नाही.

हे सगळं सांगायचं कारण असं की पीए म्हणून आलेल्या माणसाची पहिली निवडणूक दुसऱ्याच्या नावावर निघते. आठवी निवडणूक मात्र त्याला स्वतःच्या नावावर काढावी लागली, आणि तेव्हा समोर त्याच्याच हाताखाली तयार झालेला माणूस होता. तुझ्या साहेबांनी आज विचारलंय, छानच आहे. पण त्यांनी कशासाठी विचारलंय हे तू नीट समजून घे. गटात त्यांना स्वतःचा माणूस पाहिजे म्हणून, की तुझ्यात काही दिसतंय म्हणून?

---

सनदवाला

मी जिल्हा कोर्टात प्रॅक्टिस करतो. राजकारणाचं काकांनी लिहिलंच आहे, मी कायद्याचं बघतो कारण या गडबडीत तेच राहून जातं आणि छाननीच्या दिवशी विरोधक बरोबर तिथेच बोट ठेवतो.

भाऊ, सगळ्यात आधी तुझ्या सनदेचं काय केलंस ते सांग. बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या नियमांत ४९ नंबरचा नियम आहे, प्रॅक्टिस चालू असलेल्या वकिलाला पूर्णवेळ पगारी नोकरी करता येत नाही. नोकरी धरली तर बार कौन्सिलला कळवून सनद स्थगित करावी लागते, नोकरी सोडल्यावर परत चालू करता येते. तू सहा वर्षं पीए आहेस आणि सनद तशीच चालू ठेवली असशील, मधेच मित्रासाठी एखादं वकीलपत्र लावलं असशील, तर ते आधी निस्तर. लपवू नकोस. आमच्याकडे एकाने असंच दुर्लक्ष केलं, फॉर्म राहिला बाजूला, शिस्तभंगाच्या तक्रारीत दोन वर्षं गेली त्याची.

लोकप्रतिनिधी झाल्यावर वकिली करता येते का, हा प्रश्न पण लोक विचारतात. येते. आमदार-खासदारांनी कोर्टात उभं राहू नये अशी याचिका सुप्रीम कोर्टात होती, ती सप्टेंबर २०१८ मध्ये फेटाळली गेली, कोर्ट म्हणालं की लोकप्रतिनिधी हा त्या नियमातला पूर्णवेळ पगारी नोकर नाही. म्हणजे गंमत बघ, आमदाराला वकिली चालते, आमदाराच्या पगारी पीएला चालत नाही.

झेडपीसाठी जो १९६१ चा कायदा आहे त्यातलं कलम १६ शांतपणे बसून वाच. वय २१ पूर्ण आणि मतदार यादीत नाव ही साधी गोष्ट झाली. पण दोन अपत्यांची अट आहे, १२ सप्टेंबर २००१ ही तारीख त्यात महत्त्वाची. झेडपीच्या कामात स्वतःचा किंवा भागीदारामार्फत हितसंबंध असला तर अपात्र. तुझा कुणी भाऊ, मेव्हणा झेडपीचे ठेके घेत असेल आणि त्या फर्ममध्ये कागदोपत्री तुझं नाव असेल तर आजच बघून घे. थकबाकी असेल तर भरून पावती फाईलला लाव. तुझं नेमणूकपत्र काढून ठेव, पगार नेमका कुणाकडून आणि कशातून येतो, नेमणूक करणारा कोण हे त्यावरून कळेल, शासकीय सेवेतून तुला वर्ग केलेलं असेल तर राजीनामा देऊन तो मंजूर झाल्याचा कागद हातात असल्याशिवाय फॉर्म भरू नकोस. निवडणूक झाली की खर्चाचा हिशेब निकालापासून ३० दिवसांत द्यायचा असतो. हरलेले उमेदवार हे विसरतात आणि मग अपात्रतेची नोटीस येते, दरवेळी येते.

एक आणखी. शपथपत्र दुसऱ्याकडून भरून घेऊ नकोस. तू साहेबांचं भरलं असशीलच, तेवढ्याच काळजीने स्वतःचं भर.

---

वाशीची_ताई

मी एका मंत्री कार्यालयात नऊ वर्षं काढलीत, आधी टायपिंगला मग खाजगी सचिवांच्या हाताखाली. तीन मंत्री बदललेले पाहिले. तुझी पोस्ट वाचून मला माझीच वही आठवली, निळी फुलस्केप, त्यात प्रत्येक पानावर तारीख, अर्ज कुणाचा, कुठल्या कक्षाकडे गेला, आवक नंबर काय.

काकांनी वळसे पाटलांचं सांगितलं ते १९९० चं आहे, तेव्हाचा काळ वेगळा होता. आताची उदाहरणं पण आहेत. अभिमन्यू पवार, देवेंद्र फडणवीसांचे पीए होते, २०१९ ला औशातून उभे राहिले. समोर दोन टर्मचे आमदार बसवराज पाटील. बाहेरचा पीए लादला म्हणून सुरुवातीला स्थानिकांची नाराजी होती, तरी निवडून आले आणि २०२४ ला परत आले. का आले परत, तर त्यांनी शेतरस्त्यांचा विषय धरला. रोजगार हमीतून शेतापर्यंत रस्ता, हे काम वरून सोपं वाटतं पण त्यात मोजणी, बांधावरची भांडणं, तहसीलदार, बीडीओ, कुशल-अकुशलचं प्रमाण, सगळ्या कटकटी येतात आणि ऑफिसात बसून असल्या कटकटी सोडवलेल्या माणसालाच त्यातली वाट दिसते. सुमित वानखेडेंचं पण तसंच, फडणवीसांकडेच काम केलं आणि २०२४ ला आर्वीतून आमदार झाले.

याच्या उलट ॲड. उज्ज्वल निकम बघ. अख्ख्या महाराष्ट्रात ज्यांचं नाव लहान पोराला माहीत, २०२४ ला उत्तर मध्य मुंबईतून लोकसभेला उभे राहिले आणि वर्षा गायकवाडांकडून साडेसोळा हजार मतांनी हरले. नंतर राज्यसभेवर गेले ते राष्ट्रपतीनियुक्त म्हणून. नाव सगळ्यांना माहीत असणं वेगळं आणि माझं रेशनकार्ड यांनी करून दिलं असं चार हजार घरांत वाटणं वेगळं. तुझ्याकडे दुसरी गोष्ट आहे रे, फक्त ती तुझ्या नावावर जमा नाहीये.

पण सावध पण करते. पीएच्या सवयी उमेदवाराला नडतात. आपल्याला नाही म्हणायची सवय नसते, "बघतो, साहेबांच्या कानावर घालतो" म्हणायची असते. उमेदवाराला तोंडावर नाही म्हणता आलं पाहिजे, कारण त्याच्या मागे कानावर घालायला कुणी साहेब नसतो. दुसरं म्हणजे आपल्याला सगळ्यांची गुपितं माहीत असतात. कुणाची बदली कशी झाली, कुणी कुणाविरुद्ध अर्ज केला, कुणाच्या घरात काय चाललंय. प्रचारात तापलेल्या वेळी त्यातलं एक वाक्य जरी तोंडून निसटलं तर लोक परत कधी दारात येणार नाहीत. माझ्या डोळ्यांसमोर एका ऑफिसमधल्या मुलाने हे केलं होतं, उभा राहिला आणि सभेत समोरच्याचा जुना अर्ज वाचून दाखवला. टाळ्या पडल्या. मतं पडली नाहीत.

आणि बायको जे म्हणाली ते ऐक. रात्री दहाला घरी येणं आत्ता आहे, उभा राहिलास की पहाटे दहावा, दुपारी लग्न, संध्याकाळी साखरपुडा, रात्री कीर्तन. तिला आधी विचार, साहेबांना नंतर सांग.

---

सतरंजी_उचलणारा

माझं जरा वेगळं मत आहे आणि राग पण आहे, स्पष्ट लिहितो.

मी अठरा वर्षं एका पक्षाचा कार्यकर्ता आहे, पक्षाचं नाव नको. बूथवर बसलोय, पावसात झेंडे लावलेत, केस अंगावर घेतल्यात, तारखा अजून चालू आहेत. आमच्या गटात मागच्या वेळी तिकीट नेत्याच्या ऑफिसमधल्या मुलाला मिळालं. मुलगा वाईट नव्हता, हुशार होता, पण आम्ही त्याला साहेबांची वेळ मिळवण्यासाठी फोन करायचो आणि तो म्हणायचा "मीटिंगमध्ये आहेत", तोच आता हात जोडून आमच्यासमोर उभा, काम करा म्हणून. केलं काम. पण मनापासून नाही झालं आणि सीट गेली.

टेलचा माणूस, तू चांगला वाटतोस म्हणून सांगतो. तुझ्या गटात तुझ्यासारखाच वर्षानुवर्षं राबलेला एखादा असणार, कदाचित दोघं-तिघं. साहेबांनी तुला गाडीत विचारलं, त्यांना विचारलं का? तू फॉर्म भरायच्या आधी त्यांच्या घरी जाऊन बस. साहेबांना बरोबर नेऊ नकोस, पत्र नेऊ नकोस, एकटा जा. त्यांचं तोंड बघितलं की तुला कळेल उभं राहायचं का नाही. पीएचा फोन उचलणं ही आमची गरज असते, त्याला लोक आपलेपणा समजतात, तो तसा नसतो.

---

टेलचा_माणूस

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं कुणी सविस्तर लिहील असं वाटलं नव्हतं.

सनदवाला सर, तुम्ही बरोबर पकडलंत. सनद स्थगित केलेली नाही. वकीलपत्र या सहा वर्षांत एकही लावलं नाही पण कळवलं पण नाही. उद्याच अर्ज तयार करतो. ठेक्याचं म्हणाल तर चुलतभावाच्या फर्ममध्ये माझं नाव नाही असं मला वाटत होतं, काल रात्री भागीदारीचा कागद मागवून घेतला तर साक्षीदार म्हणून सही आहे, भागीदार म्हणून नाही. तरी तो कागद तुम्हाला व्यनि करतो, एकदा नजर घाला.

ताई, वही माझ्याकडे पण आहे, सातवी चालू आहे.

काका, बोगद्याबद्दल एक सांगू का. तुमच्याकडे पाणी जाईल म्हणून भीती आहे आणि आमच्याकडे पाणी येईल म्हणून तीस-चाळीस वर्षं लोक वाट बघतायत. येडगाव, माणिकडोह, वडज, पिंपळगाव जोगे आणि डिंभे, पाच धरणं आमच्याकडच्या शाळेतल्या पोरांना पाठ आहेत आणि उन्हाळ्यात आवर्तन शेवटच्या चारीपर्यंत पोचत नाही. त्यामुळे वळसे पाटलांवर आमच्याकडे राग आहे, पण तुमचं वाचून असं वाटलं की आमचा माणूस त्या जागी असता तर त्याने पण आपल्या तालुक्यासाठी हेच केलं असतं, आणि आम्ही त्याला डोक्यावर घेतलं असतं.

दादा, तुमची पोस्ट जिव्हारी लागली. आमच्या गटात असे दोघं आहेत. एक जण साहेबांच्या पहिल्या निवडणुकीपासून आहे, ५५ वय, स्वतःची जीप विकून प्रचार केला होता त्याने. मी त्याला कित्येकदा "मीटिंगमध्ये आहेत" सांगितलंय, काही वेळा साहेब समोरच बसलेले असताना. मला ते आठवून आज दिवसभर काही सुचलं नाही.

---

मंचरकर_काका

पाण्याचं तू म्हणतोस ते मान्य आहे. पोटातलं दोन्हीकडे सारखंच आहे.

आमच्याकडचं एक सांगतो. ३० जुलै २०१४ ला आमच्या तालुक्यात माळीण गाव डोंगराखाली गेलं, १५१ माणसं गेली. मी दुसऱ्या दिवशी तिथे होतो, चिखल गुडघ्याच्या वर, पाऊस थांबत नव्हता. वळसे पाटील तेव्हा विधानसभेचे अध्यक्ष. पुनर्वसनाची जागा, घरं, वारसांचे कागद, नातेवाईक कोण जिवंत आहे याच्या याद्या, ते काम पुढे कित्येक महिने चालू होतं. अशा वेळी भाषण करणारा पुढारी कुणाला नको असतो, कुठल्या अधिकाऱ्याकडून कुठला कागद आज संध्याकाळपर्यंत निघेल हे माहीत असलेला माणूस लागतो. ज्या गावातून सगळे दाखलेच मातीत गेलेत तिथे वारस कोण हे ठरवणं किती अवघड असेल याचा विचार कर. त्यामुळे सहा वर्षं जे शिकलास त्याला कमी लेखू नकोस, असं कुणी म्हणत असेल तर ऐकू नकोस.

त्या जीप विकलेल्या माणसाकडे मात्र जा. सतरंजीवाल्यांनी सांगितलं तसं एकटाच जा. आणि तो म्हणाला मला उभं राहायचंय, तर साहेबांना तसं सांगायची तयारी ठेवूनच जा.

---

टेलचा_माणूस

आज संध्याकाळी जाऊन आलो. पावणेदोन तास बसलो. पहिला अर्धा तास ते काही बोललेच नाहीत, गोठ्यात धारा काढत होते, मी बाजूला उभा. मग आत बोलावलं. "मीटिंगमध्ये आहेत" बद्दल मी माफी मागितली तर म्हणाले, मला माहीत होतं रे, मागून टीव्हीचा आवाज यायचा.

त्यांना उभं राहायचंय. स्वतःहून बोलले नाहीत, मी सरळ विचारलं तेव्हा बोलले. पण थकबाकीचं, अपत्यांच्या तारखांचं काही तपासलेलं नाही, झेडपीच्या एका जुन्या समाजमंदिराच्या कामात त्यांच्या नावावर कंत्राट होतं त्याचं बिल अजून निघालेलं नाही. सनदवाला सर, हे काम अपूर्ण धरलं जाईल का पूर्ण, पूर्णत्वाचा दाखला मिळालाय पण अंतिम बिल बाकी आहे? ही माहिती लवकर मिळाली तर बरं होईल, सोमवारी साहेबांकडे बसायचंय, तेव्हा त्यांचं नाव मी घेणार आहे. माझं नंतर बघू.

निघताना त्यांनी माझा नंबर परत विचारला. आधीपासून आहे की तुमच्याकडे, म्हटलं. म्हणाले, तो ऑफिसचा म्हणून आहे, तुझा सांग. नंबर तोच आहे म्हटलं. मग चष्मा लावून त्यांनी माझं नाव टाइप केलं, आडनावासकट.